पिंपभर माती : इंग्रजांना व्हर्जिनियात सोनं का दिसलं?

१२ ऑगस्ट १६०७ रोजी लंडनमध्ये सर वॉल्टर कोप एक पत्र लिहायला बसले. कोप पार्लमेंटचे सभासद, दरबारात ऊठबस असलेले. पत्र होतं राजा पहिला जेम्स याचे मुख्य मंत्री रॉबर्ट सेसिल यांना. अटलांटिकपलीकडे, आजच्या अमेरिकेतल्या व्हर्जिनियात, जेम्सटाऊन ही इंग्रजांची नवी वसाहत बसून जेमतेम तीन महिने झाले होते आणि तिथून परतलेल्या जहाजातून पिंपभर माती आली होती. कोपनी कळवलं की माती पिंपभरच आहे, पण तिकडे राज्यभर पुरेल इतकं खनिज दिसतंय. बायबलमध्ये देवाने कबूल केलेल्या भूमीत दूध आणि मध वाहतो. इथे दुधाच्या जागी मोती आहेत आणि मधाच्या जागी सोनं.

दुसऱ्या दिवशी याच कोपनी याच सेसिलना आणखी एक पत्र लिहिलं. काल सोन्याची बातमी दिली होती, आज तांब्याचीही देता येत नाही. शहरातल्या जाणत्या पारख्यांनी चार वेळा तपासलं आणि शेवटी सगळ्याची वाफ झाली.

खरं तर विषय इथेच मिटायला हवा होता. पण पुढच्या जानेवारीत वसाहतीत जे जहाज पोचलं, त्यातून दोन सोनार, दोन धातू गाळणारे कारागीर आणि एक जवाहिऱ्या उतरला. वसाहतीतल्या मूळ १०४ जणांपैकी तेव्हा ३८ जण जिवंत होते.

इंग्रज लोभी होते, असं म्हणून हे प्रकरण आपण सहसा निकालात काढतो. लोभी ते होतेच. पण तपासणीत एकदा उघडी पडलेली माती माणसं पुन्हा का खणतात, याचं उत्तर लोभात पूर्ण सापडत नाही. त्यासाठी या मोहिमेचा पैसा कुठून आला, त्या काळी खनिजातलं सोनं कसं ओळखत, आणि त्या नदीकाठी नेमकं चमकत काय होतं, हे पाहावं लागतं. मला या सगळ्यात पारखीचा भाग सर्वात महत्त्वाचा वाटतो, म्हणून त्यावर जरा जास्त वेळ थांबणार आहे.

स्पेनचं सोनं, लंडनची वर्गणी

सोळाव्या शतकात युरोपातल्या प्रत्येक दरबाराच्या डोळ्यांसमोर स्पेन होता. १५२१ मध्ये कोर्तेसने मेक्सिकोतलं अझ्टेक राज्य पाडलं. १५३२ मध्ये पिझारोने पेरूत इंका सम्राट अताहुआल्पाला पकडलं. सुटकेसाठी त्याने खोलीभर सोनं देण्याचं कबूल केलं. ते आलं, वितळवून वाटलं गेलं, आणि त्यानंतरही पिझारोने त्याला ठार मारलं. १५४५ मध्ये आजच्या बोलिव्हियातला पोटोसीचा चांदीचा डोंगर हाती लागला. त्या चांदीची नाणी जगभर फिरली. आपल्याकडच्या मोगल रुपयातही तिचा अंश उतरला.

इंग्लंडला या संपत्तीची चव लागली ती लुटीतून. इंग्रज दर्यावर्दी फ्रान्सिस ड्रेक १५८० मध्ये पृथ्वीला वळसा घालून परतला तेव्हा त्याच्या जहाजात स्पॅनिश चांदी भरलेली होती. जेम्सटाऊनला माणसं घेऊन गेलेला कप्तान क्रिस्टोफर न्यूपोर्टही याच धंद्यात मुरलेला. कॅरिबियनमधल्या एका चकमकीत त्याचा एक हात गेला होता. १५९२ मध्ये भारतातून लिस्बनकडे चाललेलं ‘माद्रे दे देउश’ हे प्रचंड पोर्तुगीज जहाज इंग्रजांनी पकडलं, त्या मोहिमेतही तो होता. मिरी, लवंग, मोती आणि जडजवाहिरांनी भरलेलं ते जहाज इंग्लंडच्या बंदरात त्यानेच आणून लावलं. अशा माणसाच्या मनात समुद्रापलीकडचा देश म्हणजे काय असेल, याची कल्पना करता येते.

१६०४ मध्ये जेम्सने स्पेनशी तह केला आणि लुटीची वाट बंद झाली. पैसेवाल्या व्यापाऱ्यांना नवी वाट हवी होती. १० एप्रिल १६०६ रोजी राजाने व्हर्जिनिया कंपनीला सनद दिली. त्या सनदेत सोनं, चांदी आणि तांबं खणण्याचा हक्क स्पष्ट लिहिलेला आहे. राजाचा वाटाही ठरलेला : सोन्याचांदीचा पाचवा हिस्सा, तांब्याचा पंधरावा.

आता यातली पैशाची गंमत समजून घेऊ. इंग्लंडच्या राजाने परवानगी दिली, पैसा नाही. पैसा व्यापारी, सरदार आणि पुढे सामान्य भागधारकांकडून गोळा करायचा होता. १६०९ मध्ये कंपनीने एका भागाची किंमत साडेबारा पौंड ठेवली. पण वसाहत म्हणजे एकदाच पैसे घालून मोकळं होण्याचा व्यवहार नव्हता. दर जहाजाला नवं धान्य, नवी माणसं, नवी हत्यारं लागत आणि त्यासाठी पुन्हा नव्या वर्गणीदारांचे पाय धरावे लागत. त्यांना दाखवायला काय? लाकूड, डांबर, साबणासाठी लागणारी राख आणि काच बनवायला वर्षं लागतात आणि नफा बेताचा. सोन्याचा नुसता वास आला तरी थैल्या सुटतात. म्हणजे जहाजातून परत येणारा माल जितका महत्त्वाचा, तितकीच त्याबरोबर येणारी बातमी महत्त्वाची होती. बातमी वाईट असेल तर पुढचं जहाज सुटेलच याची खात्री नाही, आणि ते सुटलं नाही तर तिकडची माणसं उपाशी. वसाहतीतून चांगली बातमी पाठवणाऱ्याच्या पोटाचाही प्रश्न त्यात गुंतलेला होता, हे विसरून चालणार नाही.

कंपनीने कप्तानांना लेखी सूचना दिल्या होत्या. माणसांच्या तीन तुकड्या करा : एकीने तटबंदी आणि कोठार बांधावं, दुसरीने जमीन साफ करून पेरणी करावी, तिसरीने नदी धुंडाळावी. उंच जमीन किंवा डोंगर दिसला तर कप्तान गॉस्नोल्डने वीस माणसं घेऊन आत शिरावं आणि खनिज लागतं का बघायला अर्धा डझन टिकाव बरोबर न्यावेत. गॉस्नोल्ड १६०७ मध्ये २२ ऑगस्टला तापाने फणफणून गेला.

आधीचा काळा दगड

इंग्रजांना हा धडा तीस वर्षांपूर्वीच मिळाला होता. १५७६ मध्ये मार्टिन फ्रोबिशर चीनकडे जाणारी उत्तरेची वाट शोधत आजच्या कॅनडातल्या बॅफिन बेटापर्यंत पोचला. वाट मिळाली नाही, पण त्याच्या माणसांनी एक काळा दगड बरोबर आणला. मोहिमेत पैसा घातलेला व्यापारी मायकेल लॉक याने त्याचे तुकडे लंडनमधल्या पारख्यांना दिले. टॉवरमधल्या टांकसाळीच्या पारख्यापासून इतरांपर्यंत सगळे म्हणाले, यात सोनं नाही. लॉक थांबला नाही. त्याने एक तुकडा लंडनमध्ये राहणाऱ्या व्हेनिसच्या जोव्हान्नी बात्तिस्ता अन्येल्लो याला दिला, आणि अन्येल्लोने चिमूटभर सोन्याची भुकटी त्याच्यासमोर ठेवली. इतरांना जे जमलं नाही ते तुला कसं जमलं, असं विचारल्यावर त्याने उत्तर दिलं की निसर्गाची खुशामत करता यायला हवी.

या उत्तरावर मोहिमा उभ्या राहिल्या. १५७७ मध्ये सुमारे दोनशे टन दगड आला. १५७८ मध्ये पंधरा जहाजं गेली आणि अकराशे टनांहून जास्त दगड घेऊन आली. बर्फाच्या समुद्रात, वर्षातले मोजके उन्हाळी आठवडे हाताशी असताना, खाणकामगारांनी टिकाव-पहारींनी तो फोडला होता. लंडनजवळ डार्टफर्डला खास भट्ट्या बांधल्या. पाच वर्षं गाळून गाळून अखेर मान्य करावं लागलं की दगड निकामी आहे. लॉक कर्जापायी तुरुंगात गेला. दगडाचं पुढे काय झालं? डार्टफर्डच्या एका जुन्या राजवाड्याच्या आवाराची भिंत बांधताना तो वापरला. बाकीच्या दगडांपेक्षा वेगळे, काळपट, जड तुकडे त्या भिंतीत दाखवता येतात.

पारख कशी होत असे

जुनी अंगठी मोडायला नेली की पूर्वी सराफ एक काळा गुळगुळीत दगड पुढे ओढायचा. त्यावर अंगठीची एक रेघ, शेजारी माहीत असलेल्या सोन्याची दुसरी रेघ, मग दोन्हींवर तेजाबाचा थेंब. हलक्या सोन्याची रेघ फिकट होत जाते, चोख सोन्याची टिकते. हा दगड म्हणजे कसोटी. कस, कसदार, कसाला लागणं, कसोटीला उतरणं, हे सगळे शब्द आपण याच दगडावरून उचलले आहेत.

पण कसोटी चालते ती धातूवर. दगडात सोनं असेल तर ते बहुतेक वेळा डोळ्यांना दिसतही नाही इतकं बारीक विखुरलेलं असतं. त्यासाठी आगीची परीक्षा लागते, आणि तिची रीत सोळाव्या शतकात जी होती तीच थोड्याफार फरकाने आजही वापरतात. दगडाचं पीठ करायचं, तोलायचं, त्यात शिसं आणि टाकणखारासारखे पातळ करणारे क्षार घालून मुशीत वितळवायचं. वितळलेलं शिसं दगडातलं सोनं-चांदी स्वतःत ओढून घेतं आणि जड असल्यामुळे तळाशी बसतं. बाकीची मळी वर तरंगते. मग तो शिशाचा गोळा हाडांच्या राखेपासून केलेल्या छोट्या वाटीत ठेवून भट्टीत तापवायचा. हवा लागून शिशाचं भस्म होतं, आणि हाडांची राख ते भस्म टीपकागदासारखी पिऊन टाकते. शेवटी वाटीच्या मध्यभागी एक लखलखता मणी उरतो, कधी कधी मोहरीपेक्षाही लहान. त्यातली चांदी तेजाबात विरघळवली की उरतं ते सोनं.

रीत चोख आहे. चुका होतात त्या तिच्या आजूबाजूला.

पहिली गोष्ट, शिसं. शिशाच्या खनिजात बहुधा थोडी चांदी असतेच. ती आधी काढलेली नसेल तर तुम्ही अंगणातली माती जरी मुशीत घातली तरी वाटीत मणी उरेल. म्हणून जाणकार पारखी नुसत्या शिशाची वेगळी परीक्षा घेतो आणि तेवढा मणी वजा करतो. ही वजाबाकी विसरली, किंवा विसरायची ठरवली, की निकामी दगडातही चांदी निघते. फ्रोबिशरच्या दगडावर काम करणाऱ्या एका जर्मन पारख्यावर तर मुशीत बाहेरून धातू मिसळल्याचा आरोप त्या काळातच झाला.

दुसरी गोष्ट, नमुना. पिंपभर मातीतून कोणती मूठ पारख्याकडे जाणार हे कोण ठरवतं? खणणाऱ्याने सगळ्यात चमकणारा तुकडा निवडला, तर एका तुकड्याचा निकाल अख्ख्या डोंगराला लागू होतो.

आणि तिसरी गोष्ट मला सर्वात मोठी वाटते : निकाल कुणाला हवा आहे. लॉकने नाही म्हणणारे सोडून दिले आणि हो म्हणणारा धरला. आपणही दुखण्यावर चार डॉक्टरांना विचारून मनासारखं बोलणाऱ्या पाचव्यापाशी थांबतो, यात नवल नाही. पण लॉकच्या त्या निवडीमागे शेकडो खलाशांना बर्फाच्या समुद्रात जावं लागलं.

पारख अगदी छोट्या प्रमाणात घरी करून बघता येते. शाळेच्या प्रयोगशाळेत पितळी रंगाचा, चौकोनी कडांचा एक जड खडा असतो : लोहमाक्षिक, लोखंड आणि गंधकाचं संयुग. चिनी मातीच्या फरशीची मागची, चकाकी नसलेली बाजू घ्या आणि त्यावर तो घासा. सोन्यासारख्या दिसणाऱ्या खड्याची रेघ हिरवट काळी उमटते. सोन्याची रेघ सोनेरीच उमटते. खड्यावर हातोडी मारली तर त्याचे तुकडे होतात, ठिणगीही उडते आणि गंधकाचा वास येतो. सोनं फक्त चपटं होतं. वजनातही जमीनअस्मानाचा फरक : सोनं पाण्याच्या एकोणीस पट जड, लोहमाक्षिक पाचपट. आपल्या वैद्यांनी याच्या तांबंयुक्त भावंडाला सुवर्णमाक्षिक म्हटलं आणि ते औषधाच्या डब्यात ठेवलं, तिजोरीत नाही.

नदीकाठी चमकत होतं ते काय

जेम्सटाऊन जेम्स नदीच्या मुखाकडच्या सपाट, दलदलीच्या प्रदेशात आहे. ही किनारपट्टी नद्यांनी लाखो वर्षं वाहून आणलेल्या वाळू-मातीच्या थरांची. कठीण खडक लागतो तो नदीने वर जाऊन, आजच्या रिचमंड शहरापाशी, जिथे नदी दगडांवरून उड्या घेत खाली येते. इंग्रजांची जहाजं या उताराच्या पुढे जाऊ शकत नव्हती.

वरच्या खडकाळ भागात अभ्रक भरपूर आहे. ऊनपावसाने झिजलेलं अभ्रक तांबूस-सोनेरी होतं, त्याचे पापुद्रे सुटतात आणि पाण्याबरोबर खाली वाहत येतात. उथळ ओढ्यात उभं राहून खाली पाहिलं तर तळाची वाळू सोन्याचा वर्ख शिंपडल्यासारखी लखलखते. हातात घेऊन बोटांनी चोळलं की पापुद्रा मोडतो आणि चिकटून राहतो. ज्याने अभ्रक पाहिलेलं आहे तो फसणार नाही. पण लंडनच्या रस्त्यांवर वाढलेला, स्पेनच्या गोष्टी ऐकत मोठा झालेला तरुण त्या पाण्यात उभा असेल तर? पहिल्या १०४ जणांतले जवळपास निम्मे ‘जंटलमन’ म्हणून नोंदलेले होते, म्हणजे हाताने काम करण्याची सवय नसलेले. बाकी सुतार, लोहार, गवंडी, शिंपी, न्हावी, एक ढोलवाला, काही मजूर. शेतकरी अशी नोंद एकाचीही नाही.

१६०८ चा हिवाळा

आता मुशी, भट्ट्या आणि दोन सोनार वसाहतीत पोचले त्या जानेवारीकडे येऊ. जहाज आल्यावर काही दिवसांतच गावाला आग लागली आणि घरं, कपडे, अंथरुणं, साठवलेलं धान्य जळालं. थंडी कडाक्याची. अशा वेळी पहिलं काम छप्पर आणि धान्य असायला हवं. वसाहतीचा एक कप्तान जॉन स्मिथ याने पुढे लिहून ठेवलंय की तिथे दुसरी बोलणी नव्हती, दुसरी आशा नव्हती, दुसरं काम नव्हतं. सोनं खणा, सोनं धुवा, सोनं गाळा, सोनं जहाजात भरा, एवढंच. जहाज चौदा दिवसांत परत फिरू शकलं असतं, ते चौदा आठवडे थांबलं. तितके दिवस खलाशी वसाहतीसाठी आणलेलं मांस, लोणी, चीज, मासे खात राहिले. एप्रिलमध्ये न्यूपोर्ट निघाला तेव्हा जहाजाच्या पोटात सोनेरी धूळ होती. इंग्लंडमध्ये ती धूळच ठरली.

त्यानंतर दहा दिवसांनी कप्तान नेल्सनचं ‘फीनिक्स’ जहाज पोचलं. जॉन मार्टिन नावाच्या पंच मंडळातल्या एकाला तेही मातीने भरायचं होतं. हा मार्टिन लंडनच्या टांकसाळीच्या प्रमुखाचा मुलगा. सोनाराच्या घरात वाढलेला माणूस सोन्याबद्दल बोलतो तेव्हा लोकांना ते खरं वाटणारच. स्मिथने विरोध केला आणि ‘फीनिक्स’मध्ये देवदाराचं लाकूड भरलं.

इथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. सोन्याच्या या वेडाबद्दल आपल्याला जे ठाऊक आहे त्यातलं बरंचसं स्मिथच्या लिखाणातून आलेलं आहे, आणि स्मिथचं न्यूपोर्ट व मार्टिन दोघांशीही पटत नव्हतं. स्वतःला शहाणा ठरवण्याची त्याला हौसही होती. पण कोपची पत्रं, कंपनीच्या सूचना आणि जहाजातल्या कारागिरांच्या याद्या त्याच्या म्हणण्याला आधार देतात. १९९४ पासून जेम्सटाऊनच्या जुन्या किल्ल्याचं उत्खनन चालू आहे, त्यातही मुशी सापडल्या आहेत.

१६०८ च्याच शरद ऋतूत न्यूपोर्ट पुन्हा आला तो नवा हुकूम घेऊन : सोन्याचा गोळा, दक्षिण समुद्राची, म्हणजे पॅसिफिकची, वाट, किंवा रोआनोक बेटावरून बेपत्ता झालेल्या इंग्रजांपैकी एखादा माणूस, यातलं काहीतरी हाती लागल्याशिवाय परत यायचं नाही. सव्वाशेच्या आसपास माणसं घेऊन तो मोनाकन लोकांच्या मुलखात, धबधब्यांच्या वर गेला. बरोबरच्या कारागिराने थोडी चांदी काढल्याचं सांगितलं. वाटीतल्या त्या मण्याबद्दल वर लिहिलंच आहे.

ज्यांची ती जमीन होती

हे सगळं रिकाम्या भूमीवर घडत नव्हतं. तिथले लोक त्या देशाला त्सेनाकोमाका म्हणत. सुमारे तीस जमातींचा प्रमुख वाहुनसेनाका, ज्याला इंग्रज पाउहाटन म्हणत, तिथे राज्य करत होता. त्यांच्याकडे मका होता, मासे होते, शिकार होती, आणि किमती धातू म्हणून ते मानत ते तांबं. तांब्याचे पत्रे, मणी प्रतिष्ठेच्या माणसांच्या अंगावर आणि पुरलेल्यांच्या सोबत असत. इंग्रजांना हे पटकन कळलं. उत्खननात तांब्याच्या पत्र्याचे हजारो कापलेले तुकडे मिळाले आहेत. हे तुकडे देऊन मका घ्यायचा, हाच वसाहतीचा खरा चरितार्थ होता.

आणि सोन्यामागे थांबलेल्या जहाजाने तोच मोडला. चौदा आठवडे रिकामे बसलेले खलाशी आपापलं तांबं घेऊन परस्पर देवघेव करू लागले. स्मिथ सांगतो, पूर्वी जे एक औंस तांब्यात मिळत होतं ते आता एक पौंडातही मिळेना. सोळा औंसांचा एक पौंड. म्हणजे भाव सोळा पटींवर गेला. बाजारात एकदम पैसा ओतला की काय होतं, ते इथे तांब्याने करून दाखवलं. नुकसान भोगलं उपाशी वसाहतकऱ्यांनी, आणि पुढे मका मिळेनासा होऊन बंदुकीच्या धाकाने घेतला गेला तेव्हा तिथल्या गावांनीही.

एक प्रसंग मला विसरता येत नाही. पोटोमॅक नदीच्या एका उपनदीवर तिथल्या लोकांची एक खाण होती. शिंपल्यांनी आणि कुऱ्हाडींनी खणून ते एक चमकदार भुकटी काढत, ओढ्यात धुऊन गाळ काढून टाकत, छोट्या पिशव्यांत भरत आणि दूरवर विकत. तिचं नाव माचक्विऑन. चेहऱ्याला, अंगाला, देवांच्या मूर्तींना ती लावत. चांदी शिंपडल्यासारखं अंग चमके. न्यूपोर्टने या पिशव्या इंग्लंडमध्ये तपासून घेतल्या होत्या आणि त्यात निम्मी चांदी असल्याचं सांगितलं होतं. म्हणून १६०८ च्या उन्हाळ्यात स्मिथ स्वतः ती खाण बघायला गेला. भुकटी पुन्हा तपासली तेव्हा कवडीमोल निघाली. ज्यांनी ती खणली त्यांच्यासाठी तिची किंमत ठरलेली होती आणि ती दिसण्यात होती. तिच्या पोटात दुसरं काही शोधायची त्यांना गरज नव्हती.

मरणाचा हिशोब

सगळे मृत्यू सोन्याच्या खात्यावर टाकणं अन्यायाचं होईल. भरतीच्या वेळी खारट आणि ओहोटीला गाळाने भरलेलं नदीचं पाणी ते पीत होते. पाच माणसांत दिवसाला एक छोटं भांडं पाण्यात शिजवलेली बार्ली, असं जॉर्ज पर्सी या वसाहतकऱ्याने लिहून ठेवलंय. जुन्या सायप्रस झाडांच्या खोडातली वर्षवलयं मोजून शास्त्रज्ञांनी १९९८ मध्ये दाखवलं की १६०६ ते १६१२ हा त्या भागातला जवळपास आठशे वर्षांतला सर्वात कोरडा काळ होता. म्हणजे मका पाउहाटनच्या लोकांकडेही बेताचाच होता. १६०९-१० च्या हिवाळ्यात किल्ल्यात साठेक माणसं उरली, आणि माणसाने माणूस खाल्ल्याच्या खुणा चौदा वर्षांच्या एका मुलीच्या हाडांवर सापडल्या आहेत. पण जी माणसं, जे महिने आणि जी जहाजं धान्यासाठी लावता आली असती, ती मातीसाठी लागली. तो भार सोन्याच्या बाजूलाच राहतो.

वर, खडकाळ भागात, सोनं होतं. व्हर्जिनियाच्या मध्यभागातून सोनं असलेल्या खडकाचा एक पट्टा जातो आणि एकोणिसाव्या शतकात तिथे खाणी चालल्या. दक्षिणेला नॉर्थ कॅरोलायनात १७९९ मध्ये कॉनरॅड रीड नावाच्या बारा वर्षांच्या मुलाला ओढ्यात सतरा पौंडांचा पिवळा दगड मिळाला. घरच्यांनी तो तीन वर्षं दार अडवायला ठेवला आणि मग एका सराफाला साडेतीन डॉलरला विकला. ते खरं सोनं होतं. जेम्सटाऊनच्या माणसांनी अभ्रकाला सोनं मानलं आणि रीडच्या घरच्यांना सोनं ओळखता आलं नाही.

व्हर्जिनिया कंपनीला अखेर सापडलं ते झाडाचं पान. जॉन रोल्फने १६१२ च्या सुमारास गोड चवीची तंबाखू लावली. त्या वेळी कंपनीचे सूत्रधार होते सर थॉमस स्माइद. ईस्ट इंडिया कंपनीचे पहिले गव्हर्नरही तेच. एका हाताने ते व्हर्जिनिया सांभाळत होते आणि दुसऱ्या हाताने सुरत; १६०८ मध्ये जेम्सटाऊनमध्ये माती धुतली जात होती त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ‘हेक्टर’ जहाज सुरतेला लागलं. न्यूपोर्टनेही पुढे व्हर्जिनिया सोडली आणि ईस्ट इंडिया कंपनीची नोकरी धरली. १६१५ मध्ये जहांगीराच्या दरबारी निघालेल्या सर थॉमस रो यांना घेऊन ‘लायन’ हे जहाज सुरतेजवळच्या सुवाळीच्या किनाऱ्याला आलं, त्याचा कप्तान न्यूपोर्ट होता. इथे काही खणायचं नव्हतं. कापड आणि निळीसाठी सुरतेचे व्यापारी चांदी मागत, आणि कंपनीची जहाजं ती घेऊन येत.

१६१७ मध्ये जावातल्या बांतामला न्यूपोर्ट वारला. त्याच वर्षी जेम्सटाऊनहून वीस हजार पौंड वजनाची तंबाखू इंग्लंडला गेली. नवा गव्हर्नर आरगॉल तिथे उतरला तेव्हा जेमतेम पाच-सहा घरं उभी होती, चर्च कोसळलेलं होतं, आणि बाजाराच्या चौकात व रस्त्यांवर तंबाखूची रोपं लावलेली होती.